काका, हॉयची गोष्ट सांगितलीत त्याबद्दल मनापासून थँक्यू

काका, हे तोंडावर बोलायला गेले तर रडू येईल म्हणून लिहितेय.

मुलाला ऐकू येत नाही म्हणून एका टीमने घेतलं नाही तेव्हा सगळ्यांनी आमची समजूतच काढली, तुम्ही तेवढे वाटीभर शेंगदाणे घेऊन आलात आणि आमच्या सिनसिनाटीतल्या किचन टेबलावर बेसबॉलचं मैदान मांडलंत. 19 जून 1889, वॉशिंग्टनच्या टीमचा विल्यम हॉय आउटफिल्डमध्ये, म्हणजे मैदानाच्या लांबच्या भागात, वयाच्या तिसऱ्या वर्षी मेनिंजायटिस होऊन कान गेलेले, उंची जेमतेम. त्याने एकाच मॅचमध्ये लांबून थेट होम प्लेटवर, म्हणजे बॅटर उभा असतो आणि रन पूर्ण होते तिथे, थ्रो करून तीन रनर आउट केले, आणि प्रत्येक आउटला तुम्ही एक शेंगदाणा उचलून मुलाच्या तोंडात टाकत होतात. तिसऱ्याला तो इतका हसला! किती दिवसांनी हसला माहितीये का तुम्हाला?

हॉय बिचारा होता असं तुम्ही एकदाही म्हणाला नाहीत, हे मला फार भिडलं मनाला. तुम्ही सांगितलंत ते त्याच्या खेळाबद्दल. कोलंबसच्या मूकबधिर शाळेत पहिला आलेला, मग चपला-बूट दुरुस्तीचं दुकान, आणि 1888 च्या पहिल्याच सीझनमध्ये 82 स्टोलन बेस, म्हणजे पिचर (चेंडू टाकणारा) गाफील असताना पळत पुढचा बेस, रनच्या वाटेवरचा पुढचा टप्पा, गाठायचा. पुढे 2,000 च्या वर हिट्स, त्यातली काही वर्षं आपल्या सिनसिनाटीच्या रेड्स टीमकडूनच. लोक त्याला 'डमी' म्हणायचे, तेव्हा मुक्या माणसाला सर्रास तसंच म्हणत, मला ऐकूनच कसंतरी झालं पण तो स्वतः तेच नाव लावायचा म्हणे. अंपायरचे हातवारे त्याच्यामुळेच आले असं बरेच जण सांगतात, ते सिद्ध झालेलं नाही हेही तुम्ही स्पष्ट सांगितलंत, पोराला खोटं काही सांगितलं नाहीत. बॉल की स्ट्राइक, म्हणजे पिचरचा चेंडू चुकीचा की बॅटरच्या विरोधात मोजायचा, ते थर्ड बेसजवळ उभा असलेला त्याच्या टीमचा कोच त्याला हाताने दाखवायचा, हे मात्र पक्कं.

आणि 1902 ची ती मॅच, समोर जायंट्स टीमचा पिचर लूथर टेलर, तोही बहिरा, आणि दोघं मैदानात खुणांनी बोलले. हे मुलाने तुमच्याकडून चार वेळा करून घेतलं. 1961 च्या वर्ल्ड सिरीजला इथेच क्रॉस्ली फील्ड मैदानावर 99 वर्षांच्या हॉयने मानाचा पहिला बॉल टाकला आणि डिसेंबरमध्ये गेला, तेव्हा तुमचे डोळे भरले होते, मी पाहिलं.

काका, नवीन टीमच्या कोचकडे मुलगा स्वतः गेला, आम्हाला न विचारता. हॉयचा फोटो दाखवला, मग थर्ड बेसकडे बोट केलं आणि हात वर करून दाखवला. कोचला कळलं. आता ते तसंच करतात.

शनिवारी दहाला मॅच आहे, काकूंना घेऊन या. शेंगदाणे मी भाजून आणते.