काल्पनिक राज्याच्या पंचांगात अधिक महिना कोणाचा?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत गेले काही महिने शाळकरी मुलांनी लिहिलेल्या अद्भुतकथा प्रसिद्ध होत आहेत, याचा मला फार आनंद आहे. त्या कथांतील राज्यांना नकाशे आहेत, लिपी आहेत, आणि बहुतेकांना स्वतःची कालगणनाही आहे. परंतु या कालगणनांत महिने बाराच, आठवडा सात दिवसांचाच, आणि बदललेली असतात ती फक्त नावे. साताऱ्यात सव्वीस वर्षे भूगोल शिकवल्यामुळे असेल, पण मला हे मनापासून खटकते. कालगणना म्हणजे त्या लोकांचे आकाश, त्यांचा पाऊस आणि त्यांची देणीघेणी यांचा एकत्र मांडलेला हिशेब, आणि तो मांडताना कथेला लागणारे कितीतरी धागे आपोआप हाती येतात.

या हिशेबात नेहमी काहीतरी उरते. बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस होतात, ऋतूंचे वर्ष मात्र ३६५ दिवसांचे असते. मधल्या अकरा दिवसांचे काय करायचे हे प्रत्येक समाजाने आपापल्या गरजेने ठरवले. हिजरी सनाने ते सोडून दिले, म्हणून मोहरम सुमारे ३३ वर्षांत सर्व ऋतूंतून फिरून येतो. आपल्या पंचांगाने ते साठवले आणि साधारण ३२-३३ महिन्यांनी अधिक मास धरला. सारावसुली पिकावर अवलंबून असल्यामुळे दख्खनच्या दफ्तरांत सौर मानाचा शुहूर सन चालला. सूर्य मृग नक्षत्रात शिरला की त्याचे वर्ष बदलत असे, म्हणून त्याला मृगसाल असेही म्हणत. मराठेशाहीच्या कागदपत्रांत तो जागोजागी भेटतो. शिवाय १६७४ मध्ये ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला छत्रपती शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाला आणि राज्याभिषेक शक सुरू झाला. म्हणजे एकाच मुलखात एक वर्ष पाडव्याला बदलत होते, दुसरे मृगाला आणि तिसरे राज्याभिषेकाच्या तिथीला. इतकी समृद्ध परंपरा घरात असताना आपल्या मुलांनी भिंतीवरच्या कॅलेंडरचीच नक्कल का करावी?

गेल्या पावसाळ्यात माझ्याकडे येणाऱ्या मुलांबरोबर मी एका काल्पनिक पठारावरच्या लोकांची कालगणना रचून पाहिली. कासच्या पठारावर सात-आठ वर्षांनी फुलणाऱ्या कारवीवरून ती सुचली. आमच्या पठारावर चंद्र एकच आहे, पण त्याची फेरी २४ दिवसांची आहे. चौदा महिन्यांचे ३३६ दिवस होतात आणि ऋतूंचे वर्ष ३३९ दिवसांचे आहे. दरवर्षी उरणारे तीन दिवस आठ वर्षांत बरोबर एका महिन्याएवढे होतात, म्हणून आठव्या वर्षी पंधरावा महिना येतो. त्याच सुमारास पठारभर फुलणाऱ्या झुडपाला मुलांनी ‘आठवी’ असे नाव दिले आणि तो महिना आठवीचा झाला. हे लोक वय फुलोऱ्यांत सांगतात. पाच फुलोरे पाहिलेला माणूस त्यांच्या मानाने चाळिशीचा.

मग एका मुलीने विचारले की, आठवीच्या महिन्यात सालगड्याला पगार मिळतो का? तिचे पणजोबा सालगडी होते. आपल्याकडे सालगड्याचे साल पाडव्याला ठरते, आणि मध्ये अधिक महिना आला की तेच साल तेरा महिन्यांचे होते. त्या तेराव्या महिन्याचे धान्य कोणी द्यायचे, हा प्रश्न तिच्या घरात ऐकलेला होता. त्या एका प्रश्नाने आमच्या कोऱ्या पठारावर मालक आले, चाकर आले, करार आले. वादानंतर मुलांनी असा नियम केला की, आठवीच्या महिन्यात कोणीही कोणाच्या शेतावर राबणार नाही आणि कर्जावर व्याज चढणार नाही. हा नियम मोडणारा सावकार हाच पुढे त्यांच्या कथेतील खलपुरुष झाला.

हिशेब इतका चोख बसल्यावर मी त्यात मुद्दाम एक खोट घातली, कारण खऱ्या आकाशात पूर्णांक सापडत नाहीत. ऋतूंचे वर्ष ३३९ दिवसांहून दिवसाच्या दहाव्या हिश्श्याने मोठे आहे असे धरले, तर २४० वर्षांत अख्खा महिना चुकतो. पेरणीचा सण पावसाच्या महिनाभर आधी येऊ लागतो, आणि आठवीचा महिना संपून जातो तरी आठवी फुललेली नसते. युरोपातही वर्षामागे सुमारे ११ मिनिटांची चूक शतकानुशतके साचत गेली, आणि १५८२ मध्ये ४ ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी १५ ऑक्टोबर धरावा लागला. पठारावरच्या पुजाऱ्यांनी मात्र पोथीतला महिना बदलायला नकार दिला आणि पेरणारे लोक फुलांकडे बोट दाखवत राहिले. पुढची सगळी कथा मुलांनी याच भांडणातून उभी केली.

आपल्याकडेही पावसाला नक्षत्रांवरून नावे आहेत. पुनर्वसूचा तरणा पाऊस आणि पुष्याचा म्हातारा पाऊस आजही गावोगावच्या बोलण्यात आहेत. वाईच्या घाटावर गुरू कन्या राशीत येतो तेव्हा, म्हणजे साधारण बारा वर्षांनी, कन्यागताचे पर्व भरते. अशा गोष्टी मुलांनी घरच्या वडीलधाऱ्यांना विचारून घ्याव्यात आणि मग स्वतःच्या राज्याचे वर्ष रचावे, असे पुरवणीतून सुचवता येईल.

माझी विनंती एवढीच आहे की, यापुढे कथेसोबत तिच्या राज्याचे एका वर्षाचे पंचांगही मागवावे, आणि त्यात वर्ष कोणत्या घटनेने सुरू होते, उरलेले दिवस कोठे जातात आणि त्या दिवसांत देणेकऱ्याचे काय होते, हे मुलांना लिहायला सांगावे. आमच्या पठाराचे पंचांग मुलांनी हाताने आखून तयार ठेवले आहे. आपण कळवल्यास ते पाठवून देईन.

आपला,
एक निवृत्त भूगोल शिक्षक, सातारा