जप्तीचा आदेश निघतो, सातबारा कोराच राहतो

महोदय,

ठेवी बुडवणाऱ्या कंपनीची मालमत्ता जप्त झाल्याची बातमी वाचून ठेवीदार निर्धास्त होतात. ते घाईचे आहे. एमपीआयडी कायद्याच्या (वित्तीय संस्थांमधील ठेवीदारांच्या हितरक्षणाचा महाराष्ट्राचा कायदा, १९९९) कलम ४ खाली शासन राजपत्रात जप्तीचा आदेश काढते. सक्षम प्राधिकाऱ्याने, म्हणजे उपजिल्हाधिकारी किंवा त्यावरील दर्जाच्या अधिकाऱ्याने, ३० दिवसांत विशेष न्यायालयात ती कायम करण्यासाठी अर्ज करायचा असतो. न्यायालय हरकती ऐकते. जप्ती कायम झाल्यावरच लिलाव आणि वाटप.

गळती होते ती मधल्या काळात. आदेशाची प्रत तलाठ्याकडे गेली नाही तर सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात नोंद होत नाही. दुय्यम निबंधकाला कळवले नसेल तर खरेदीखतही नोंदले जाते. मग नवा खरेदीदार ‘मला माहीतच नव्हते’ म्हणत हरकत घेतो आणि वर्षे निघून जातात. शहरात हीच गोष्ट मिळकत पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) आणि गृहनिर्माण सोसायटीच्या नोंदींची. आदेशात गट क्रमांक किंवा क्षेत्र चुकले तर नोंदच अडते. गाड्यांचे तर पोलीस ठाण्याच्या आवारात भंगार होते, म्हणून त्यांच्या विक्रीची परवानगी न्यायालयाकडे आधीच मागायला हवी.

राजपत्रातल्या आदेशासोबत त्याच आठवड्यात तलाठी, नगर भूमापन, दुय्यम निबंधक, आरटीओ आणि बँकांना पत्रे जावीत व त्यांची पोच न्यायालयात दाखल व्हावी. ठेवीदारांनीही मूळ पावत्या जपून दाव्यासोबत छायाप्रती व बँक खात्याचा उतारा द्यावा. ठेवीदार हयात नसेल तर वारसाची कागदपत्रे आताच काढून ठेवावीत.

– ठेवीदारांचे दावे चालवणारे वकील