पट्टीवाला म्हणजे पट्टेवाला नव्हे

मा. संपादक यांस,

स. न. वि. वि.

गेल्या आठवड्यात आपल्या अंकात आतल्या पानावर ग्रामपंचायत कर्मचाऱ्यांच्या थकलेल्या पगाराची बातमी होती. खेड्यातल्या या माणसांची दखल आपण घेतलीत याचं समाधान वाटलं. पण बातमीत ‘पंचायतीचे पट्टेवाले’ असं छापलं होतं. माझा अंदाज असा की वार्ताहरानं ‘पट्टीवाले’, म्हणजे घरपट्टी गोळा करणारे, असंच लिहून पाठवलं असणार आणि वर कुणीतरी ती चूक समजून सुधारली असणार. मग दोनच दिवसांनी घरपट्टीच्या थकबाकीची बातमी आली, तिच्या मथळ्यात ‘वसुलीवाले दारात’. दोन्ही ठिकाणी माणूस एकच, आणि दोन्ही ठिकाणी त्याचं नाव चुकलं.

मी पट्टीवाल्याची मुलगी. बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात, जांबोटी भागात माझं माहेर. मराठी शाळेत एकतीस वर्षं शिकवून निवृत्त झाले. एका शब्दासाठी हे पत्र लिहायला बसले आहे. लांबेल, पण पूर्ण वाचावं ही विनंती.

पट्टेवाल्याच्या नावात पट्टा आहे. खांद्यावरून छातीवर आडवा येणारा, पितळी बिल्ल्याचा. साहेबाच्या दाराबाहेर स्टुलावर बसणारा, घंटी वाजली की आत जाणारा तो पट्टेवाला. पट्टीवाल्याच्या नावात पट्टी आहे. घरपट्टी, पाणीपट्टी. एक साहेबाच्या दाराशी बसतो, दुसरा लोकांच्या दाराशी जातो. एका वेलांटीची जागा मात्रेनं घेतली आणि सगळा माणूस बदलला.

पट्टी हा शब्द आजचा नाही. महाराजांच्या राज्याभिषेकानंतरची सिंहासनपट्टी इतिहासात वाचायला मिळते. मराठी दप्तरांत मिरासपट्टी आहे, पेशवाईत कर्जपट्टी आहे. काही एक कारण निघालं, त्याचा खर्च सगळ्यांवर वाटून बसवला, की ती पट्टी. आमच्या गावांत हा अर्थ अजून जसाच्या तसा जिवंत आहे. लक्ष्मीची यात्रा ठरली की पंच देवळात बसतात आणि घरामागं पट्टी काढतात. देवळाचं छप्पर गळतंय, काढा पट्टी. पट्टी बसली, पट्टी भागली, अमक्याची पट्टी राहिली, अशी आमची रोजची बोली. त्यामुळं आमच्याकडच्या माणसाच्या कानाला पट्टी म्हणजे नुसता सरकारी कर वाटत नाही. गावाच्या खर्चातला आपला वाटा, असा तो शब्द ऐकू येतो. पट्टीवाला म्हणजे तो वाटा गोळा करायला येणारा आपल्यातलाच एक. शेतसारा घेणारा तलाठी निराळा, नाक्यावरचा जकातवाला निराळा. जकात कर्नाटकातून १९७९ साली उठली आणि जकातवाला गेला. तो शब्द आता म्हाताऱ्यांच्या बोलण्यात उरलाय, आणि ‘जकाती’ आडनावात. तसंच ‘सुंकद’ हे आडनाव. कन्नडमध्ये सुंक म्हणजे जकात.

तलाठ्याचं उदाहरण इथं द्यायलाच हवं. आपला जिल्हा मुंबई राज्यात होता तेव्हा, १९५० च्या कायद्यानं कुलकर्णी वतनं गेली आणि गावोगावचं दप्तर तलाठ्याकडं आलं. १ नोव्हेंबर १९५६ ला जिल्हा म्हैसूर राज्यात गेला. जुन्या म्हैसूरकडं त्याच कामाला शानभोग म्हणत. पण इकडच्या लोकांनी तलाठी सोडला नाही, आणि यात फक्त मराठी लोक नाहीत. बैलहोंगलचा कन्नड शेतकरीसुद्धा तलाठीच म्हणतो आणि उताऱ्याला उताराच म्हणतो. सरकारनं त्या पदाला पुढं नवी नावं दिली. महाराष्ट्रानंही अलीकडं ‘ग्राम महसूल अधिकारी’ केलं. लोकांच्या तोंडी तलाठी आहे तो आहेच. पट्टीवाल्याचंही तसंच. कागदावर तो ‘कर वसूलिगार’ किंवा ‘बिल कलेक्टर’. गल्लीत शिरला की पट्टीवाला.

आमचे आप्पा १९६२ साली लागले. आधी ग्रुप पंचायत होती, मग मंडल पंचायत झाली. ते निवृत्त झाले त्याच्या पुढच्या वर्षी, १९९३ च्या कायद्यानं, ग्रामपंचायत आली. इमारतीवरची पाटी बदलत गेली, आप्पांची पिशवी तीच राहिली. खाकी कापडाची, आईनं दोनदा तळ बदललेली. तिच्यात पावतीपुस्तक, निळा कार्बन, जिभेला लावून लिहायची जांभळी पेन्सिल, अंगठ्यासाठी शाईचा पॅड आणि एक फडकं. फडकं म्हाताऱ्या बायकांसाठी. अंगठा घेतला की आप्पा स्वतः तो पुसून द्यायचे. शाई घेऊन चुलीपुढं बसायला लागू नये म्हणून.

आप्पांचं शिक्षण मराठी सातवी. पावतीपुस्तकं कन्नडमध्ये यायची. तिशीत त्यांनी शेजारच्या गावातल्या कन्नड मास्तरांकडं रात्री बसून बाराखडी गिरवली. माझी आणि त्यांची अक्षरओळख एकाच कंदिलाखाली झाली, मी ‘क’ काढायची मराठीचा आणि ते कन्नडचा. पावतीवर ‘तेरिगे’, म्हणजे कन्नडमध्ये कर, असं छापलेलं असायचं. दारात उभं राहून आप्पा ‘घरपट्टी’ म्हणायचे. ओळीवर बोट ठेवून प्रत्येक रकाना वाचून दाखवायचे. हे घराचं, हे पाण्याचं, हे दिवाबत्तीचं, हे वाचनालयाचं. वाचनालयाशी गाडी नेहमी अडायची. घरपट्टीवर ग्रंथालयासाठी शेकडा ६ आणि भिक्षेकऱ्यांच्या पुनर्वसनासाठी शेकडा ३ असा कर आपल्या राज्यात आजही घेतात. “आमच्या गावात वाचनालय कुठाय पट्टीवाले मामा?” असं लोक विचारायचे. आप्पांकडं उत्तर नसायचं. पण तो रकाना त्यांनी कधी झाकून पैसे घेतले नाहीत.

आता खरं सांगायचं तर, शब्द प्रेमाचा होता तितकाच भीतीचाही होता. मार्चअखेर आली की गल्लीच्या टोकाला पोरं ओरडायची, “पट्टीवाला येऊलाय गे, दार लाव!” मी त्याच पोरांबरोबर खेळत असायची. आप्पा बंद दारासमोर थोडा वेळ उभे राहायचे आणि पुढं जायचे. त्यांच्या खिशात एक छोटी वही होती. तिच्यात तारखा नव्हत्या. कुणापुढं ‘काजू विकल्यावर’, कुणापुढं ‘मळणी’, कुणापुढं ‘पोरगा गोव्याहून येईल तेव्हा’ असं लिहिलेलं. त्या वहीप्रमाणं ते परत जायचे, आणि तेव्हा दार उघडं असायचं.

एका वर्षी वरून हुकूम आला, थकबाकीदारांची भांडी उचला. आप्पांबरोबर वरचा एक माणूस होता, त्यामुळं वहीचा उपयोग नव्हता. एका विधवा बाईच्या घरातून तांब्याचा हंडा उचलावा लागला. पंचायतीला कुलूप लागलं होतं म्हणून रात्री हंडा आमच्या घरी आला, आणि पुढं कुणी मागितला नाही म्हणून तिथंच राहिला. आईनं त्यात पाणी भरलं नाही. परड्यात पालथा घातला. दर सोमवारी ती आमची भांडी चिंचेनं घासायची, तेव्हा आधी तो हंडा घासायची. मी विचारलं, आपण वापरत नाही तर घासायचा कशाला? ती म्हणाली, “जाताना काळा जाऊ नये.” काजूचे पैसे आल्यावर ती बाई पट्टी भरायला आली. आईनं हंडा बाहेर काढला, त्यात घरातले दोन शेर तांदूळ घातले आणि तिच्या डोक्यावर दिला. दोघींच्या तोंडून शब्द निघाला नाही. आप्पा त्या दिवशी जेवले नाहीत, एवढं मला आठवतं.

कन्नडमध्ये एक म्हण आहे, ‘सुंकदवन मुंदे सुखदुःख हेळिकोंडंते’. जकातवाल्यापुढं आपलं सुखदुःख सांगण्यासारखं, म्हणजे व्यर्थ. लहानपणी शाळेतल्या एका कन्नड मैत्रिणीनं मला ती ऐकवली आणि मी रडत घरी आले. आप्पा म्हणाले, म्हण खोटी नाही, नाक्यावर बसणाऱ्याला थांबून ऐकायला वेळ नसतो. मग त्यांनी मला बाराव्या शतकातल्या शरणांमधल्या, म्हणजे बसवेश्वरांच्या काळच्या संतांमधल्या, सुंकद बंकण्णांबद्दल सांगितलं. जकात गोळा करणं हेच ज्यांचं कायक, म्हणजे पूजेसारखं मानलेलं काम, होतं आणि ज्यांची वचनं लोकांनी जपली. हे त्यांना त्या मास्तरांकडून कळलं होतं. आप्पांना सुखदुःख सांगणारे पुष्कळ होते. लग्न जमत नाही, म्हैस आटली, मुलाचं पत्र नाही, हे सगळं त्यांच्या कानावर पडायचं. कारण गावातल्या प्रत्येक दाराशी वर्षातून तीन-चारदा थांबणारा तो एकच माणूस.

म्हणून ‘वसुलीवाला’ या शब्दानं मला जास्त लागलं. वसूल हा शब्द मुळात वाईट नाही. अरबीतून आलेला, हाती पोचलं ते वसूल. आप्पाही ‘आज एवढा वसूल झाला’ म्हणायचे. पण शब्दांचे दिवस फिरतात. आज आपल्या जिल्ह्यात कुठल्याही बाईला विचारा, वसुलीवाला म्हणजे कोण? ती सांगेल, फायनान्सचा. आठवड्याच्या हप्त्याला सकाळी सातला येऊन दारात बसणारा, शेजाऱ्यांना ऐकू जाईल असं बोलणारा. या जाचाला आळा घालण्यासाठी २०२५ च्या फेब्रुवारीत राज्य सरकारला वटहुकूम काढावा लागला, आपणच त्याच्या बातम्या सविस्तर दिल्या होत्या. त्या माणसाला लागलेला शब्द पंचायतीच्या माणसाला लावला, तर वाचणाऱ्याच्या मनात कोण उभं राहणार? पंचायतीचा माणूस पावती देतो. त्याचा स्वतःचा पगार कित्येक वर्षं त्याच वसुलीतून निघायचा. पट्टी आली नाही तर आमच्या घरात त्या महिन्याला किराणा उधार यायचा. थकलेल्या पगाराची आपली बातमी वाचताना मला तेच दिवस आठवले, आणि त्याच बातमीत त्यांचं नाव चुकलेलं बघून वाईट वाटलं.

कुणी म्हणेल, बोलीतला शब्द आहे, वर्तमानपत्रात प्रमाण शब्द हवा. मग ‘करवसुली कर्मचारी’ छापावं, माझी तक्रार नाही. पण बोलीतला शब्द घ्यायचा ठरवलं तर तो बोलीत आहे तसा घ्यावा. सीमाभागात सरकारी कागद मराठीत मिळावा म्हणून आपण इतकी वर्षं लिहीत आलात, आम्ही मोर्च्यांत चाललो. ज्यानं कन्नड कागद मराठीत वाचून दाखवला त्याचं नाव आपल्याच मराठी पानावर चुकू नये, असं मला मनापासून वाटतं.

गेल्या मे महिन्यात माहेरी गेले होते. भावाची नात बाहेरून पळत आली, “आज्जी, पट्टीवाली आलीया.” हा शब्द मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकला. पोरीनं तो कुणाला न विचारता तयार केला होता. दारात पंचविशीतली मुलगी, खांद्याला रेक्झिनची बॅग, हातात पावती काढायचं लहान यंत्र. भावानं पैसे दिले, यंत्रातून चिठ्ठी निघाली. वहिनीनं ती हातात घेऊन उलटसुलट केली. तेव्हा ती मुलगी एक पायरी वर आली, चिठ्ठीवर बोट ठेवलं आणि म्हणाली, “कन्नडमध्ये हाय काकी. वाचून दाखवू काय?”

चुकीची दुरुस्ती छापावी, जागा थोडी दिली तरी चालेल. आणि उद्या त्या मुलीबद्दल काही बातमी आली, तर कृपा करून तिला पट्टीवाली असंच छापावं.

आपली नम्र,
एक निवृत्त शिक्षिका,
वडगाव, बेळगाव