अलिसा वाल्डेझची दखल घ्या

महोदय,
आपल्या क्रीडापानावर आयपीएलमधल्या बारीकसारीक भांडणांनाही दोन-दोन कॉलम मिळतात. त्यातला एखादा फिलिपिन्सची व्हॉलीबॉलपटू अलिसा वाल्डेझ हिला द्यावा, ही विनंती. बास्केटबॉलने झपाटलेल्या त्या देशात आज महिलांच्या व्हॉलीबॉल सामन्यांनाही तोबा गर्दी होते. त्यात बातांगास प्रांतातल्या या मुलीचा वाटा मोठा आहे.

तिथली २०१४ ची आंतरविद्यापीठ स्पर्धा तर थरारकच! साखळीत एकही सामना न हरलेल्या ला साल संघाला अंतिम फेरीत थेट प्रवेश मिळाला, शिवाय नियमानुसार अधिकचा फायदाही. म्हणजे अलिसाच्या आतेनेओ संघाने त्यांना तीनदा हरवले, तरच विजेतेपद. (असला नियम आपल्याकडे असता, तर प्रकरण कोर्टात गेले असते.) आतेनेओने पहिला सामना जिंकला, दुसरा गमावला आणि पुढचे दोन्ही खिशात घातले. पुढच्या वर्षी हाच संघ अपराजित राहिला. २०१५ मध्ये सिंगापूरच्या आग्नेय आशियाई स्पर्धेत देशाचा ध्वज तिच्या हाती होता.

नंतर थायलंड, तैवानमधले क्लब आणि मायदेशातला क्रीमलाइन क्लब. २०२२ च्या अखेरीस गुडघ्याने दगा दिला. ती सावरून पुन्हा कोर्टवर उतरली.

आपली प्राइम व्हॉलीबॉल लीग २०२२ मध्ये सुरू झाली ती फक्त पुरुषांसाठी. मुलींनी व्यावसायिक व्हॉलीबॉल खेळायचे कुठे, हे एकदा महासंघालाच विचारा.

– एक व्हॉलीबॉलप्रेमी, सांगली