चिप आणि अल्गोरिदम एकाच वर्गात शिकवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

सेमीकंडक्टरविषयी आपल्या दैनिकात हल्ली सातत्याने येणाऱ्या बातम्या मी आवर्जून वाचतो. गुजरातेत धोलेऱ्याचा ९१ हजार कोटींचा चिप कारखाना, साणंदचे चिपच्या जोडणीचे आणि चाचणीचे प्रकल्प, मोहालीच्या सरकारी सेमीकंडक्टर प्रयोगशाळेचं नूतनीकरण. या सगळ्याचा आनंद आहेच. पण मी अभियांत्रिकी महाविद्यालयात इलेक्ट्रॉनिक्स शिकवतो आणि प्रवेशाचे दिवस आले की पालक मला हमखास विचारतात, "सर, पोराला एआयला टाकू की ईअँडटीसीला?" (म्हणजे कृत्रिम बुद्धिमत्तेला की इलेक्ट्रॉनिक्स आणि टेलिकम्युनिकेशनला.) कॅमेऱ्यातून पाहून निर्णय घेणारी यंत्रं बनवायची, तर अल्गोरिदम, म्हणजे संगणकाने करायच्या कामाची पायरीवार रीत, लिहिणं आणि चिप आखणं ही दोन कामं वेगळी करताच येत नाहीत. तरी आपण त्यांच्या दोन शाखा केल्या, दोन इमारतींत बसवल्या, आणि एका शाखेच्या मुलाला दुसऱ्या शाखेचा विषय घ्यायचा तर अर्जावर तीन सह्या लागतात. या पत्राचा विषय तोच आहे.

आमच्या भागातलं उदाहरण देतो. इचलकरंजीत यंत्रमागावरून उतरलेलं ग्रे (रंग-प्रक्रिया न झालेलं) कापड फोल्डिंग खात्यात तपासलं जातं. खाली ट्यूबलाइट लावलेल्या काचेच्या टेबलावरून कापड सरकत जातं आणि समोर उभा असलेला माणूस तुटलेला ताणा, डबल पिक (एका जागी दोन आडवे धागे), गाठ, तेलाचा डाग डोळ्यांनी टिपत राहतो. पाळी संपत आली की डोळे साथ देत नाहीत आणि मग दोष व्यापाऱ्याकडे पोचल्यावर सापडतात. संगणक शाखेच्या आमच्या काही विद्यार्थ्यांनी हा विषय प्रकल्पासाठी घेतला. त्यांनी दोषांचे फोटो जमवले, मॉडेलला, म्हणजे नमुन्यांवरून शिकणाऱ्या प्रोग्रामला, शिकवलं, आणि प्रयोगशाळेत ते उत्तम चाललं. कारखान्यात नेल्यावर मात्र कापड पुढे आणि निकाल मागे. दोष सापडायचा, पण तोवर तो रोलमध्ये गुंडाळला गेलेला असायचा.

का, ते हिशेब मांडला की दिसतं. पन्हा १.६ मीटर धरा. एक धागा तुटलेला दिसायचा तर ०.२ मिलिमीटरला एक पिक्सेल तरी हवा, म्हणजे एका ओळीत ८,००० पिक्सेल. कापड मिनिटाला ६० मीटर, म्हणजे सेकंदाला एक मीटर सरकतं. तितक्याच बारकाईने पाहायचं तर सेकंदाला ५,००० ओळी. झाले सेकंदाला चार कोटी पिक्सेल. त्यांच्यावर तीन बाय तीनच्या खिडकीचा एक फिल्टर, म्हणजे खिडकीतल्या पिक्सेलांना ठरलेल्या आकड्यांनी गुणून बेरीज करणारी जाळी, फिरवायचा तर प्रत्येक पिक्सेलला नऊ गुणाकार. साध्या न्यूरल नेटवर्कच्या (अशा गणिताचे थर रचून बनलेल्या मॉडेलच्या) पहिल्याच थरात असे ३२ फिल्टर असले, तर सेकंदाला अकराशे कोटींहून जास्त गुणाकार होतात, आणि हा फक्त पहिला थर. पंख्याच्या वाऱ्यात कापसाचा तंतू उडणाऱ्या खोलीत, दिवसाला दोन-तीनदा वीज खालीवर होत असताना, हे काम भारी ग्राफिक्स कार्ड घातलेल्या संगणकावर रोज चालवणं कुठल्याच छोट्या कारखानदाराला परवडणारं नाही.

तेव्हा आमच्या विभागातल्या एका विद्यार्थिनीने प्रश्न विचारला, "पण पूर्ण फोटो साठवायचाच कशाला?" हा प्रश्न सर्किट शिकलेल्या माणसालाच सुचतो. संगणकाच्या मुलांचा प्रोग्राम आधी एक मीटर कापडाची प्रतिमा मेमरीत भरायचा, म्हणजे पिक्सेलला एक बाइट धरून चार कोटी बाइट, आणि मग तिच्यावर काम सुरू करायचा. तीन बाय तीनची खिडकी फिरवायला मात्र मागच्या दोन ओळी आणि चालू ओळ एवढंच हाताशी लागतं. दोन ओळी म्हणजे १६ हजार बाइट. एवढी मेमरी चिपच्या पोटातच मावते. कॅमेऱ्यातून पिक्सेल येत जातो, गुणाकार होत जातात, निकाल बाहेर पडत जातो, आणि बाहेरच्या मेमरीकडे जावंच लागत नाही. याला लाइन बफर म्हणतात. चिप डिझाइनच्या धंद्यात ही जुनी, रोजची गोष्ट आहे. तिने ते एफपीजीएवर, म्हणजे आतली जोडणी हवी तशी बदलता येणाऱ्या चिपवर, उतरवून दाखवलं आणि पहिला थर कापडाच्या वेगाने चालू लागला. पुढच्या थरांसाठी मग संगणकाच्या मुलांनी आपलं मॉडेल बदललं: आकडे ३२ बिटांऐवजी ८ बिटांचे केले, फिल्टर कमी केले, जे या सर्किटवर बसणार नव्हतं ते काढून टाकलं. अचूकता थोडी घटली, पण कापड टेबलावर असतानाच दोष सापडू लागले.

बाहेरच्या मेमरीला एवढं टाळायचं कारण वीज. स्टॅनफर्डच्या मार्क होरोविट्झ यांनी २०१४ मध्ये ४५ नॅनोमीटर तंत्रज्ञानासाठी (हा आकडा जितका लहान, तितके चिपवरचे ट्रान्झिस्टर बारीक आणि तंत्रज्ञान नवं) मांडलेले आकडे या क्षेत्रात सगळ्यांना तोंडपाठ असतात. ८ बिटांच्या एका गुणाकाराला सुमारे ०.२ पिकोज्यूल (एक पिकोज्यूल म्हणजे ज्यूलचा लाख कोटीवा भाग) ऊर्जा लागते; तर चिपबाहेरच्या डीरॅम या मेमरीतून ६४ बिट आणायला १,३०० ते २,६०० पिकोज्यूल. एका बाइटपुरतं पाहिलं तरी फरक हजारपटीच्या घरात जातो. गुणाकार स्वस्त, ने-आण महाग. बाजारात जाऊन एकेक मिरची आणण्यासारखंच ते. म्हणून कुठलाही डोळसपणे लिहिलेला अल्गोरिदम आधी हे विचारतो, की एकदा आत आणलेला आकडा किती वेळा वापरून घेता येईल?

एमआयटीतल्या व्हिव्हिअन झी आणि जोएल एमर यांच्या गटाने २०१६ मध्ये जाहीर केलेली आयरिस ही चिप याच प्रश्नातून उभी राहिली. तिच्यात १६८ छोटे गणक आहेत. फिल्टरची एक ओळ गणकाच्या स्वतःच्या मेमरीत मुक्काम करते, प्रतिमेच्या ओळी तिच्यासमोरून जातात, आणि बेरजा शेजारच्या गणकाकडे सरकतात. २०१२ मध्ये प्रतिमा ओळखण्याच्या स्पर्धेत इतिहास घडवणाऱ्या ॲलेक्सनेट या मॉडेलला शिकवायला दोन ग्राफिक्स कार्डं लागली होती. त्याच ॲलेक्सनेटचे कन्व्होल्यूशनचे, म्हणजे वर सांगितले तसे फिल्टर फिरवण्याचे, थर आयरिसने सेकंदाला ३५ प्रतिमा या वेगाने चालवले, तेही २७८ मिलिवॉटमध्ये. ही चिप ६५ नॅनोमीटरची होती. हा आकडा लक्षात ठेवावा, त्याच्याकडे पुन्हा येतो.

अल्गोरिदमच्या बाजूनेही हीच शहाणीव दिसते. पॉल व्हायोला आणि मायकेल जोन्स यांनी २००१ मध्ये चेहरा शोधण्याची जी पद्धत दिली, तिच्यात प्रतिमेतल्या बेरजांचा एक तक्ता आधी करून ठेवतात. मग कुठल्याही लहानमोठ्या चौकटीतली बेरीज फक्त चार जागचे आकडे वाचून मिळते. ७०० मेगाहर्ट्झच्या पेंटियम-३ वर सेकंदाला १५ प्रतिमा तपासल्या गेल्या. ज्याला मेमरी वाचण्याची किंमत ठाऊक आहे त्याचंच हे गणित.

आणि याच्याही आधी, १९८०च्या दशकाच्या अखेरीस, कॅलटेकमध्ये मिशा महोवाल्ड आणि कार्व्हर मीड यांनी सिलिकॉनचं दृष्टिपटल (डोळ्याच्या आतला पडदा) बनवलं. महोवाल्ड मूळच्या जीवशास्त्राच्या विद्यार्थिनी. डोळ्यातल्या पेशी शेजारच्या पेशींशी तुलना करून फक्त फरक पुढे पाठवतात, हे त्यांनी ट्रान्झिस्टरमध्ये बसवलं. मीड यांचेच विद्यार्थी टोबी डेलब्रुक यांनी पुढे झुरिकमध्ये पॅट्रिक लिख्टश्टाइनर आणि क्रिस्टोफ पॉश यांच्यासोबत असा कॅमेरा केला, ज्यात फोटोच निघत नाही. प्रत्येक पिक्सेल आपल्यापुरता उजेड बदलला तरच कळवतो, एरवी गप्प राहतो. २००८ मधल्या त्यांच्या १२८ बाय १२८ च्या सेन्सरचा प्रतिसाद १५ मायक्रोसेकंदांच्या आसपास होता. सेकंदाला ३० चित्रं घेणाऱ्या कॅमेऱ्यात दोन चित्रांमध्येच ३३ हजार मायक्रोसेकंद जातात. इथे अल्गोरिदम कुठे संपला आणि सर्किट कुठे सुरू झालं, हे बोट ठेवून सांगता येत नाही.

तो सेन्सर ३५० नॅनोमीटर तंत्रज्ञानावर बनला होता. आपल्या मोहालीत १८० नॅनोमीटर आहे. धोलेऱ्यात २८ ते ११० नॅनोमीटरचं उत्पादन होणार असं जाहीर झालं आहे, म्हणजे आयरिसचे ६५ नॅनोमीटर त्या टप्प्यातच येतात. गूगलच्या डेटा सेंटरमध्ये २०१५ पासून चालणारी पहिली टीपीयू, म्हणजे एआयच्या गणितासाठीची गूगलची स्वतःची चिप, २८ नॅनोमीटरचीच होती. "आपल्याकडे तीन नॅनोमीटर कुठे आहे?" असं म्हणून जे हात झटकतात, त्यांनी ही उदाहरणं पाहावीत. पाहणाऱ्या यंत्रांच्या बाबतीत आपण कारखान्यावाचून अडलेलो नाही. कापडाचा दोष, द्राक्षाच्या घडातला तडकलेला मणी, डाळिंबावरचा तेल्या रोगाचा ठिपका ओळखणारी चिप जुन्या तंत्रज्ञानावर आरामात बनेल. ती आखणारी माणसं मात्र दोन्ही बाजू जाणणारी हवीत, आणि तशी आपण घडवत नाही.

यावर एक आक्षेप मला नेहमी ऐकायला मिळतो, आणि तो दमदार आहे. मॉडेल दर सहा महिन्यांनी बदलतं, चिप बनून यायला वर्ष-दोन वर्षं जातात. मग चिप येईपर्यंत ती शिळी होणार नाही का? होईल, जर ती एकाच मॉडेलला चिकटवून बनवली तर. कन्व्होल्यूशनसाठी जीव ओतून केलेल्या रचनांना २०२० नंतर प्रतिमांमध्येही ट्रान्सफॉर्मर ही वेगळ्या रचनेची मॉडेलं आल्यावर हा फटका बसला. पण त्या टीपीयूचा गाभा काय होता? एच. टी. कुंग आणि चार्ल्स लायसरसन यांनी १९७८ मध्ये मांडलेली सिस्टॉलिक रचना, ज्यात आकडे एका गणकाकडून शेजारच्या गणकाकडे ठेक्यात सरकतात. जवळजवळ चाळीस वर्षांनी ती कल्पना कामी आली, कारण मॉडेल कुठलंही असलं तरी खाली मॅट्रिक्सचे (आकड्यांच्या तक्त्यांचे) गुणाकारच असतात. काय बदलेल आणि काय टिकेल, हा अंदाज बांधायला तर दोघांनी एका टेबलावर बसायलाच हवं.

सरकारी पातळीवर काहीच नाही असं मुळीच नाही. चिप्स टू स्टार्टअप योजनेत ८५ हजार अभियंते तयार करण्याचं उद्दिष्ट आहे. बेंगळुरूच्या सी-डॅक या सरकारी संगणक-संशोधन संस्थेतल्या चिपइन केंद्रातून महाविद्यालयांना डिझाइनची महागडी सॉफ्टवेअर मिळतात, आणि विद्यार्थ्यांनी आखलेल्या चिप मोहालीत बनून येतात. माझ्या पिढीला हे स्वप्नातही मिळालं नसतं. पण या सोयीपर्यंत पोचतात ती मुख्यतः इलेक्ट्रॉनिक्सची मुलं, आणि त्यांच्याकडे आखायला विषय असतो तो पुस्तकातला ॲडर (बेरीज करणारं सर्किट) किंवा छोटा प्रोसेसर. पलीकडच्या इमारतीत एआयच्या मुलांकडे खरे विषय असतात, खरे फोटो असतात, पण पिक्सेल मेमरीत कुठे राहतो याचा पत्ता नसतो. दोष मुलांचा नाही. त्यांना कुणी शेजारी बसवलंच नाही.

नव्या अभ्यासक्रमात मल्टिडिसिप्लिनरी मायनरची, म्हणजे दुसऱ्या शाखेचे काही विषय जोडीला घेण्याची, तरतूद आहे. तिचा उपयोग करून विद्यापीठांनी आणि स्वायत्त महाविद्यालयांनी 'संगणकीय दृष्टी आणि तिचं हार्डवेअर' असा मायनर दोन्ही शाखांना खुला करावा. अंतिम वर्षाच्या प्रकल्पगटात दोन्ही शाखांचे विद्यार्थी घेता यावेत, त्यांना दोन मार्गदर्शक पण एकच मूल्यमापन असावं. आज दोन शाखांच्या मुलांनी एकत्र केलेला प्रकल्प दोन वेगवेगळ्या अहवालांत फाडून सादर करावा लागतो, आणि कापडाच्या त्या प्रकल्पाचंही तेच झालं. मॉडेलचा अहवाल एका परीक्षकाकडे, सर्किटचा दुसऱ्याकडे. पहिल्याने अचूकता का घटली म्हणून गुण कापले. ती कशासाठी घटवली, ते दुसऱ्या अहवालात होतं.

आपल्या दैनिकाने प्रवेशाच्या काळात शाखांविषयी जी पुरवणी काढायची, तिच्यात या दोन्ही शाखांच्या प्राध्यापकांना एकाच पानावर लिहायला सांगावं, ही विनंती. माझ्या विभागातर्फे मी लिहायला तयार आहे.

आपला,
इलेक्ट्रॉनिक्सचा एक प्राध्यापक,
जि. कोल्हापूर