मावससासूबाईंना पत्र, कोतेकिनोच्या निमित्ताने

तीर्थरूप मावशी,
सा. न. वि. वि.

पत्र मराठीत आहे, त्यामुळे ते तुम्हाला वाचून दाखवायचं काम तुमच्या भाच्याकडे. तो अवघड जागा गाळणार, हे धरूनच लिहितेय. इटालियनमध्ये आभार मानायला गेले की तुम्ही हात झटकता आणि विषय कॉफीवर नेता. इथे मला मध्येच तोडणारं कुणी नाही. शिवाय परदेशात संसार थाटलेल्या आणि सासरच्या सणावाराचा स्वयंपाक अंगावर आलेल्या माझ्यासारख्या पुष्कळ जणी आहेत. इटलीतल्या मोदेनाची मावससासू कशी असते, ते त्यांनाही कळू दे.

त्यांच्यासाठी आधी थोडी माहिती. कोतेकिनो म्हणजे मोदेनाचं हिवाळ्यातलं जाडजूड सॉसेज. डुकराचं मांस, चरबी आणि त्याची कातडी एकत्र दळायची, त्यात मीठ, मिरी आणि ज्याच्या त्याच्या घराण्याप्रमाणे लसूण, लवंग, दालचिनी, जायफळ घालायचं, थोडी वाइन शिंपडायची आणि आतड्यात ठासून भरायचं. 1999 पासून 'कोतेकिनो मोदेना' या नावाला युरोपीय संघाचं भौगोलिक मानांकन आहे. सगळी मजा कातडीत. मंद आचेवर दोन-अडीच तास राहिली की ती विरघळते आणि ओठाला ओठ चिकटावा असा चिकटपणा येतो. 31 डिसेंबरच्या रात्री इटलीभर हे मसुरीबरोबर खातात. मसुरीचे चपटे दाणे म्हणजे नाणी. जितकी खाल तितका पैसा येत्या वर्षी येणार.

मी सावंतवाडीची. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात टांगलेल्या सॉसेजच्या माळा लहानपणापासून बघितलेल्या, पण आमच्या घरात डुकराचं मांस कधी आलं नाही. खाल्लं ते गोव्याच्या मैत्रिणींकडे, पावात घालून, लाल मिरची आणि व्हिनेगरने कानशिलं तापेपर्यंत. इथल्या कोतेकिनोत मिरचीचा मागमूस नाही, आंबटपणा नाही. पहिल्यांदा खाल्लं तेव्हा मला ते पुचाटच वाटलं होतं, हे आता सांगायला हरकत नाही.

आमच्या घरी ते नुसतं उकडून कधी झालंच नाही. मम्मा, म्हणजे माझ्या सासूबाई, करायच्या तो प्रकार म्हणजे 'कोतेकिनो इन गालेरा', तुरुंगातलं कोतेकिनो. अर्धवट उकडायचं, साल काढायची, हॅमच्या पातळ कापांत गुंडाळायचं, त्यावर गोमांसाचा एक मोठा पातळ काप लपेटायचा, सुतळीने करकचून बांधायचं आणि लांब्रुस्कोत, म्हणजे इथल्या फेसाळ लाल वाइनमध्ये, शिजवायचं. ही रीत त्यांच्या आजीकडून आईकडे आणि आईकडून त्यांच्याकडे आली. लिहून कुणीच ठेवली नव्हती. मम्मा वसंत ऋतूत गेल्या, आणि डिसेंबर लागला तसं घरात एक विचित्र गप्पपण आलं. वर्षअखेरीचं जेवण कुणी करायचं, हा प्रश्न कुणी तोंडावाटे काढेना. नणंदबाई म्हणाल्या, बाहेर टेबल सांगून ठेवू. नवरा सुपरमार्केटमधून चंदेरी पाकिटातलं आधीच शिजवलेलं कोतेकिनो घेऊन आला. वीस मिनिटं उकळत्या पाण्यात टाकलं की झालं. सासऱ्यांनी ते पाकीट उलटसुलट करून पाहिलं आणि फ्रिजच्या मागच्या कप्प्यात सरकवून दिलं.

तेव्हा मी तुम्हाला फोन केला. तुम्ही फक्त विचारलंत, "मांस कुठून आणणार आहेस?" मी खाटकाचं दुकान सांगितलं. "बरं," म्हणालात, आणि मी तिथे पोचायच्या आधी तुमचा फोन त्याला जाऊन थडकला होता. गोमांसाचा काप मांडीच्या कुठल्या भागाचा, किती रुंद, त्यात शीर नको, भोक तर मुळीच नको. तो बिचारा मला काप उजेडासमोर धरून दाखवत होता, साडीचं सूत दाखवावं तसा. "तिला सांगा," म्हणाला, "मी तिला घाबरून दुसरा काढलाय."

दुसऱ्या दिवशी तुम्ही मोदेना जिल्ह्यातल्या तुमच्या मिरांदोलाहून आलात ते ती लांबोडकी डेग घेऊन. ती डेग तुमच्या आईची. 2012 च्या मे महिन्यात आधी 20 तारखेला आणि मग 29 तारखेला भूकंपाने तुमचा सगळा भाग हलवून टाकला. घर उभं राहिलं, पण आत जायची बंदी. अग्निशमन दलाच्या माणसांबरोबर काही मिनिटांसाठी आत जायची परवानगी मिळाली, तेव्हा कागदपत्रं, औषधं आणि ही डेग एवढंच तुम्ही बाहेर आणलंत. एका बाजूला तिला पोचा आहे. त्यामुळे झाकण नीट बसत नाही आणि वाफ तिथूनच निघते. तुमच्या मते झाकण नीट न बसणं हेच योग्य.

मग तुम्ही खिडकीजवळची खुर्ची घेतलीत, काठी रेडिएटरला टेकवलीत आणि शेवटपर्यंत उठला नाहीत. माझे आभार इथून सुरू होतात. हाताशी सुरी, सुतळी, सगळं होतं. उठून दोन मिनिटांत बांधून टाकणं तुम्हाला सहज जमलं असतं. आमच्याकडच्या बायका तर नक्की उठल्या असत्या, "सर बाजूला, तुला नाही जमायचं" म्हणत. मीही उठले असते.

पण त्याहून मोठी गोष्ट वेगळी आहे, आणि हे पत्र खरं तर तिच्यासाठी. तुम्ही मला तुमची रीत शिकवली नाहीत. तुम्ही बहिणीची शिकवलीत.

दोघींचं कोतेकिनोवरून आयुष्यभर पटलं नाही, हे घरात सगळ्यांना ठाऊक. तुमच्या मते कोतेकिनोला टोचायचं नाही. टोचलं की रस पाण्यात जातो. त्यापेक्षा फडक्यात गुंडाळून थंड पाण्यात ठेवावं आणि पाणी नुसतं थरथरत ठेवावं, म्हणजे आतडं फुटत नाही. मम्मा टूथपिकने टोचायच्या, कारण पुढे साल निघायचीच आहे आणि जादा चरबी पाण्यात गेलेलीच बरी. तुम्ही सोरबाराचं लांब्रुस्को वापरता, फिक्या रंगाचं, जरा आंबटसर. त्या ग्रास्पारोस्सा घालायच्या, काळपट, तुरट. तुम्हाला हा तुरुंगाचा प्रकारच मुळात मान्य नाही; चांगल्या कोतेकिनोला गोमांसात कोंडायचं कशाला, उकडा आणि खा. हे सगळं तुम्ही खुर्चीवरून मला ऐकवलंत. आणि प्रत्येक वेळी पुढे जोडलंत, "माझ्या मते हे चूक. पण ती असंच करायची, म्हणून टोच."

मी टोचलं. पाऊण तास उकडून झाल्यावर ताटलीत घेतलं, तर साल गरमच असताना सोलायला लावलीत. गार झालं की ती अंगाला चिकटते, म्हणालात. बोटं भाजत होती. आणि त्या क्षणी जो वास आला त्यात जायफळ होतं. श्रीखंडात, पुरणात घालतो ते. इतकी वर्षं इथे खाऊन मला ते कधी जाणवलं नव्हतं, कारण ताटात येईपर्यंत सॉस सगळ्यावर मात करतो.

पुढचं बांधणं. आधी हॅमचे काप फरशीसारखे एकावर एक चढवून पसरले, कोतेकिनो त्यावर ठेवून गुंडाळलं, मग गोमांस. त्याची कड खाली यायला हवी. सुतळीची पहिली गाठ मध्यावर, मग दोन्ही टोकांकडे, आणि शेवटी लांबीने एक फेरा. तुम्ही हवेतल्या हवेत बोटांनी गाठ मारून दाखवत होतात, मी ओट्यावर मारत होते. तिसऱ्या गाठीला म्हणालात, "सैल. ती घट्ट बांधायची. रागावली असली की आणखी घट्ट." मग तुम्ही दोघींच्या बापाबद्दल, वाटणीबद्दल आणि एका हिरव्या सायकलीबद्दल जे सांगितलंत ते मी इथे लिहिणार नाही.

बारीक चिरलेला कांदा लोण्यावर परतला, गुंडाळी सगळ्या बाजूंनी तांबूस केली, निम्मी बाटली ग्रास्पारोस्सा ओतली. वाइनचा उग्र वास उडेपर्यंत झाकण नाही. मग मांसाचं गरम पाणी आणि मंद आच. मीठ अजिबात नाही, ते हॅम सोडतं. कोतेकिनोची चरबी बाहेर येऊन गोमांसाच्या कोरड्या कापाला आतून भिजवते. साल काढलेलं कोतेकिनो सुटून पसरू नये म्हणून गोमांस त्याला धरून ठेवतं. तुम्हाला मान्य नसलेला हा प्रकार तुम्ही मला इतक्या नीट समजावलात की तुमच्या विरोधाचा मला संशयच येतो.

तो दीड तास आपण मिरांदोलाची गोष्ट करत बसलो. 1511 चा जानेवारी, पोप दुसरे जूलियस यांच्या फौजेचा वेढा, शहरात खायचे वांधे. डुकरं शत्रूच्या हाती लागू नयेत म्हणून कापली, पण एवढं मांस टिकवायचं कसं? तर कुणा आचाऱ्याला सुचलं, डुकराच्याच पायाच्या कातडीत भरा. त्यातून झांपोने, म्हणजे डुकराच्या पायात भरलेलं सॉसेज, आलं आणि त्याच्या मागून कोतेकिनो. ही दंतकथा, पण वेढा खरा आणि म्हातारे पोप तटाच्या खिंडारातून शिडीने आत चढले तेही खरं. तुम्ही मात्र सगळं असं सांगता जणू डुकरं तुमच्याच गोठ्यातली होती.

मसुरीवरून आपलं थोडं वाजलं. मसूर कास्तेलुच्चोची, उंब्रियाच्या डोंगरातली, इतकी बारीक की भिजवावी लागत नाही. कांदा, गाजर, सेलरी परतून त्यात ती घालायची, एक तमालपत्र, थोडी टोमॅटोची पेस्ट, बस. कऱ्हाड-कोल्हापूरच्या ढाब्यावरचा अख्खा मसूर ज्याने खाल्लाय त्याचा हात इथे लसूण-मिरचीकडे जाणारच. माझा गेला. तुम्ही काठी उचललीत. इथे मात्र बहिणीचं नाव घ्यायचीही गरज तुम्हाला वाटली नाही. मिरची परत डब्यात गेली.

ताटात काप पडले तेव्हा कड गडद तपकिरी, आत हॅमचं लालसर कडं, मधोमध गुलाबी कोतेकिनो. सुरी गरम पाण्यात बुडवून कापायचं, बोटभर जाडीचे तुकडे, आणि गरम असतानाच वाढायचं, नाहीतर चिकटपणा गोठून बसतो. सासऱ्यांनी पहिला घास घेतला आणि सगळे त्यांच्याकडे बघू लागले. ते म्हणाले, मसूर जरा घट्ट हवी होती. मग त्यांनी आणखी दोन काप मागून घेतले. नणंदबाईंनी तुम्हालाच शाबासकी दिली, "मावशी, अगदी मम्मासारखं." तुम्ही म्हणालात, "मी खुर्चीवर होते. सुनेला सांग." एवढ्या एका वाक्याने या घरातली माझी जागा थोडी सरकली. कुठून कुठे, ते मला नीट सांगता येणार नाही. पण दुसऱ्या दिवशी नणंदबाईंनी फोन करून मला विचारलं, सुतळी कुठली वापरलीस.

तर मावशी, मनापासून आभार. डेगेसाठी, खाटकाला घाबरवल्याबद्दल, आणि न पटणारी रीत एकही पायरी न गाळता दिल्याबद्दल. तुम्ही तुमची दिली असतीत तरी मला फरक कळला नसता. सासऱ्यांना कळला असता.

आता थोडं कामाचं. 31 जानेवारीला मोदेनाचे रक्षक संत सान जेमिनियानो यांच्या उत्सवाची सुट्टी आहे, तेव्हा आम्ही दोघं मिरांदोलाला येतोय. खाटकाकडे एक कोतेकिनो सांगून ठेवलंय. या वेळी तुमच्या पद्धतीचं शिकवा: न टोचता, फडक्यात, नुसतं उकडून. सोरबाराच्या दोन बाटल्या मी आणते. डेगही घेऊन येते, पण ती परत माझ्याबरोबर यायची आहे. त्यावर वाद घालू नका. गुडघ्याचं औषध संपत आलं असेल तर तुमच्या भाच्याला आजच सांगा, तो आयत्या वेळी विसरतो.

तुमची,
सून