धूर नव्हता म्हणून

प्रिय भावा,

दीड वर्षात तुला एक ओळ लिहिली नाही. फोनवर 'बरं चाललंय' म्हणून ठेवून देतो. माझी शुगर ताब्यात आहे, हिचे गुडघे तसेच आहेत. ते असू दे. आपल्याला न्यायशास्त्र शिकवणारे शास्त्रीबुवा पडले. खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं, धोका टळला. पण त्यात माझ्या हातून जे झालं ते इथं कुणाला सांगून कळणार नाही. तुला कळेल.

बुवांचा बंब आठवतो ना? पहाटे साडेपाचला पेटणार आणि धूर कौलांवरून बोळात उतरणार. सहाला घाटावरून परतताना मी तो बघतो. धूर दिसला की बुवा उठलेत, चला. कित्येक वर्षं हीच आमची रोजची भेट. त्या मंगळवारी धूर नव्हता. मी क्षणभर थांबलो. सांगलीला लेकीकडे जायचं म्हणत होते, गेले असतील, असं मनाशी ठरवलं आणि मार्केट यार्डाकडे सुटलो. गुळाचा सौदा गाठायचा होता.

बुवा आतच होते. बंब पेटलेला होता. मोरीत पाय घसरून ते पडले होते. डबा देणाऱ्या मावशी साडेअकराला आल्या तेव्हा कळलं. साडेपाच तास, भावा!

आणि धूर का नव्हता? आठवड्यापूर्वी मीच त्यांना लोणारी कोळशाचं पोतं नेऊन दिलं होतं. थंडीत खोकला वाढला होता, ओल्या लाकडांचा धूर छातीत जात होता म्हणून. आगीतून धूर निघायला जी अट लागते, न्यायातली उपाधी, ती ओल्या लाकडाची अट मी माझ्या हातानं काढून टाकली आणि तीच विसरलो.

तुला आठवत असेल, बुवांनी आपल्याला धुरावरून आगीचं हे अनुमान पुस्तकातून शिकवलंच नाही. केर्लीच्या गुऱ्हाळावर नेऊन चुलवणापुढं बसवलं. वाळलं चिपाड घातलं की नुसता जाळ, ओलं घातलं की डोळे चुरचुरायला लागायचे. 'धूर आहे तिथं आग आहेच. पण आग आहे तिथं धूर असेलच असं नाही. त्याला ओलं सरपण लागतं. हाच आर्द्रेंधनसंयोग, ओल्या सरपणाशी आगीची गाठ.' तापून लाल झालेल्या लोखंडी गोळ्यात आग असते, धूर कुठं असतो? धूर व्याप्य, म्हणजे आगीवाचून न राहणारा; अग्नी व्यापक, म्हणजे धुराशिवायही असणारा. या दोघांचं नातं ती व्याप्ती. व्यापक नसेल तर व्याप्य नाही. उलटं चालत नाही. (तू तेवढ्यात काकवीचं भांडं रिकामं करून उसाच्या ढिगाला टेकून झोपला होतास. तुला उठवून व्याप्ती विचारली तर 'गोड' म्हणालास. बुवा आठ दिवस हसत होते.) मी मात्र धडाधडा सगळं म्हणून दाखवलं होतं. अन्नंभट्टाचा तर्कसंग्रह, न्यायाचं ते पहिलं पाठ्यपुस्तक, मला आजही तोंडपाठ आहे. आणि पन्नाशी उलटल्यावर मी धूर नाही म्हणून आग नाही, आग नाही म्हणून माणूस नाही, अशा दोन उड्या एका दमात मारल्या.

रात्री झोप लागत नाही. चूक तर्काची होती की मला तेच उत्तर हवं होतं? २०१९ च्या महापुराचा तो दिवस आठव. पाणी पेठेत शिरलं होतं, लोक अलमट्टी धरणाच्या फुगवट्यावरून भांडत होते, आणि बुवा धोतर खोचून पाण्याकडं बघत न्यायसूत्र सांगत होते. नदी फुगली म्हणजे वर पाऊस झाला, हे शेषवत् अनुमान, कार्यावरून कारण ओळखणं. त्यावर पूर्वपक्ष, म्हणजे आक्षेप, असा की खाली पाणी अडलं तरी नदी फुगते, मग अनुमान हे प्रमाण, ज्ञानाचं खात्रीचं साधन, कसलं? उत्तर असं की नुसतं पाणी चढलेलं बघू नका. ओढ बघा, फेस बघा, वाहून येणारी पानं, फळं, लाकडं बघा. अडून चढलेलं पाणी असं नसतं. एका खुणेवर जाऊ नका, हे ते शंभरदा म्हणाले असतील.

मी एकाच खुणेवर गेलो. दाराला बाहेरून कुलूप नव्हतं. ते मी पाहिलं होतं, भावा. सांगलीला गेलेला माणूस दार नुसतं लोटून जात नाही. कुलूप नाही हे डोळ्यांना दिसलं आणि मनानं ते बाजूला सारलं, कारण साडेसहाची वेळ चुकली असती.

तुझं नि बुवांचं ज्यावरून बिनसलं ते मला परवा पुन्हा आठवलं. तू अनुमान न मानणाऱ्या चार्वाकाची बाजू घेऊन ताणलंस, की सगळे धूर कुणी पाहिलेत, उद्याचा धूर कुणी पाहिलाय? बुवांनी नैयायिक उदयनाचार्यांचं 'व्याघातावधिराशङ्का' सांगितलं, शंका स्वतःच्याच वागण्याशी विसंगत होईपर्यंतच: शंका घे, पण धूर हवा म्हणून तूच आग पेटवतोस, तिथं तुझी शंका तुझ्याच हातानं मोडते. तू चिडून निघून गेलास. मी त्या दिवशी त्यांच्या बाजूनं बोललो आणि तुला समजावायलाही आलो नाही. ते चुकलंच. तुझ्यासारखा शंकेखोर त्या मंगळवारी सोबत असता, तर दार वाजवल्याशिवाय पुढं गेला नसता.

दवाखान्यात गेलो तर माझ्याकडं बराच वेळ बघत राहिले. रागावले नाहीत. हळूच म्हणाले, 'धुरासाठी ओलं लाकूड लागतं ना रे?' मला बोलता येईना. मग विचारलं, 'आपला चार्वाक कुठं असतो?' झळकीकरांचा न्यायकोश, न्यायातल्या संज्ञांचा तो कोश, घरून आणायला सांगितलाय. खिळखिळा झालेला तो ग्रंथ उशाशी घेऊन पडलेत.

लेकीला मेडिकलला जागा मिळाली हे वहिनींकडून कळलं, फार आनंद झाला. फ्लॅटचं काम लागलं का मार्गी? सविस्तर पुढच्या पत्रात विचारतो.

गुरुवारी त्यांना घरी सोडतायत. दोन महिने उठायचं नाही म्हणून सांगितलंय. शुक्रवारची रात्रीची गाडी धर. तुझी ती व्याप्तिपंचकाची, व्याप्तीच्या पाच व्याख्यांची, वही असेल तर आण, माझी महापुरात गेली. पहाटे बंब मी पेटवतो, सकाळी मला तिथंच गाठ.

तुझाच